साखर संपली नव्हती

शेकी, १४ एप्रिल २०२५

खुरामानताई,

धाकटीचा सलाम. घ्यायचा नसेल तर टेबलावर ठेव, नासणारी वस्तू नाही.

फोनवर तू मला बंद करून टाकलंयस. माझं नाव दिसलं की तुझं डोकं उठतं, असं वागिफभावजींनी आमच्या मुबारिजला सांगितलं आणि मुबारिजनं मला, जेवताना, दोन घासांच्या मधे, बटाटे महागल्याचं सांगावं तसं. पण तुमच्या मिंगेचेविरच्या मिनीबसचा ड्रायव्हर आगासफ, त्याला तू अजून बंद केलेलं नाहीस. हे पत्र आणि अक्रोडाच्या मुरंब्याची बरणी तो तुझ्या दारात ठेवेल. पत्र फाडलंस तरी चालेल. बरणी आपटू नकोस, मुरंबा फरशीवरून लवकर निघत नाही.

मुद्द्याचं लिहिते. माझ्या नारिनचं लग्न ठरलं आहे. म्हणजे त्या दोघांचं ठरलं आहे. आता आपण मोठ्यांनी ते पहिल्यांदाच ऐकतोय असा चेहरा करायचा आहे. हल्ली हीच पद्धत. आपल्या वेळी मोठे ठरवायचे आणि आपण चेहरा करायचो. या पिढीनं कामं फक्त बदलून घेतली.

मुलगा केनान. लेरिकच्या डोंगरातला, बाकूत लिफ्टदुरुस्तीचं काम करतो. नारिन ऑफिसच्या लिफ्टमधे अडकली होती. वरच्या फटीतून हा म्हणाला, "घाबरू नका, काढतो." ही खालून म्हणाली, "घाबरले नाहीये, उशीर होतोय. बोलत बसण्यापेक्षा काढा." असल्या बोलण्यावर माणूस प्रेमात पडतो हे मला ठाऊक नव्हतं, नाहीतर मुबारिजशी मी इतकी वर्षं गोड बोलले नसते. (मुबारिज विचारतोय, कधी?)

त्यानं अंगठीसुद्धा दिलीय, शाहदागच्या बर्फात गुडघा टेकून. फोटो आहेत. पण ते मी बघायचे नाहीत, कारण मला ते माहीतच नाही. अंगठी माझ्या तांदळाच्या डब्यात लपवलेली आहे. रीतीची अंगठी पुढे ताटातून वाजतगाजत येईल. केनानच्या आत्यानं परवा फोनवर बोटाचं माप विचारलं, तर नारिन म्हणाली, "बरोबर बसते." मग जीभ चावून, "म्हणजे, बसेल."

अडचण एकच आहे आणि ती तू आहेस.

केनानचे आईवडील लवकर गेले. त्याला आजोबांनी वाढवलं, मिर्झागा आजोबांनी. लेरिकचे लोक मरत नाहीत, त्यामुळे तिथले वडीलधारे फारच वडीलधारे असतात. त्यांच्या कानावर गेलं, की ही मुलगी नाळ कापल्यापासून मावसभावाच्या नावाची आहे. नारिनची नाळ आपल्या आईनं तुझ्या एल्शादच्या नावानं कापली आणि आपण दोघींनी माना डोलावल्या, हे लेरिकपर्यंत कुणी नेलं देव जाणे. आजोबांनी निरोप धाडलाय: "दुसऱ्याच्या शब्दावर पाय देऊन आम्ही मुलगी मागत नाही. मागणीच्या बैठकीत मुलीच्या मावशीला बसवा. मुलगी मोकळी आहे असं तिनं माझ्या तोंडावर सांगितलं, तर चहा घेऊ. नाहीतर दारातूनच मागे फिरू."

तेव्हा ये. घटकाभर बस. "मोकळी आहे" एवढं बोल, आणि मग स्वयंपाकघरात येऊन मला हव्या तेवढ्या शिव्या दे.

त्या दिवसाबद्दल पुन्हा एकदा सांगते. घरात साखर संपली होती. तू एल्शादसाठी मागणी घेऊन आलीस, बरोबर चार वडीलधारे, आणि नारिननं आणलेला चहा अगोड निघाला. मागणीच्या दिवशी गोड चहा म्हणजे होकार आणि अगोड म्हणजे नकार, हे शेंबड्या पोरालाही कळतं. पण साखरच संपली तर माणसानं काय करावं? तूच आणलेल्या ताटात लाल फीत बांधलेली साखरेची ढेप होती, हे सगळ्या शेकीनं मला तेव्हापासून ऐकवून झालंय. ताटातली साखर पाहुण्यांची असते. ती मी कशी फोडणार होते?

तुझी,
नुशाबा


शेकी, २२ मे

ताई,

बरणी परत आली. रिकामी, घासून लखलखीत. आपल्या आईनं कुणाचं भांडं कधी रिकामं परत धाडलं नाही, पण असो. आगासफनं तुझे दोन निरोप दिले. पहिला, "सांग तिला, वेलची जास्त झाली." म्हणजे खाल्लास. दुसरा, "अपमान चार माणसांसमोर झाला, माफीही चार माणसांसमोर मागावी. तोवर मी तिच्या उंबऱ्याला पाय लावणार नाही." आगासफ बिचारा हे डोळे मिटून, पाठ केल्यासारखं म्हणाला. तू त्याच्याकडून घोकून घेतलंस का?

माफी मागायला मी तयार होते. नारिनला फोनवर तसं म्हटलंही.

"कशाची माफी मागणार, आई?"

"साखर नव्हती त्याची."

"साखर संपली नव्हती."

"हे तुला माहीत, मला माहीत. मावशीला कशाला?"

"मावशीला पहिल्या घोटापासून माहीत आहे. तिला मी नकोच आहे ग, तिला शब्द हवाय. मला घरात आणलं असतं तर आठवडाभरात आम्ही एकमेकींच्या झिंज्या उपटल्या असत्या."

"मग तुम्ही दोघं सरळ नोंदणी कचेरीत जा आणि सह्या करा. हल्ली करतात."

"केनान आजोबांशिवाय करणार नाही."

"त्याला म्हणावं, कर."

"नाही म्हणणार. ज्याला वाढवणाऱ्या म्हाताऱ्याला सोडता येतं, त्याच्याशी मला करायचं नाही."

"मग आता?"

"आता काही नाही. लिफ्ट दोन मजल्यांच्या मधे थांबलीय."

आवाज नेहमीसारखाच होता, तिरकस. पण फोन ठेवताना नुसतं "बरं, आई" म्हणाली, आणि ही मुलगी कशालाच बरं म्हणत नाही, ताई. तुला माहीत आहे ती बोबडं बोलायच्या वयातसुद्धा भांडायची.

तू म्हणशील, रीत ती रीत. मी लग्नाच्या हॉलवर टेबलं लावायचं बघते, त्यामुळे रीत मला मागच्या दारानं दिसते. पूर्वी चारशे माणसं बोलवायचे. वधू-वर वर सिंहासनावर पुतळ्यासारखे, खाली गाणारा माणूस एकेका काकाचं नाव घेऊन ओरडतोय, आणि काका आपलं नाव ऐकायला मिळेपर्यंत जेवायलाही तयार नाहीत. आता पोरंपोरी हातात हात घालून येतात आणि सांगतात, साठ माणसं, काका नकोत, केक लहान. परवा एका मुलीनं लाल कमरपट्ट्यालाच नकार दिला. भाऊ कमरेला पट्टा बांधायला उभा, तर ही म्हणते, "तुला बुटाची नाडी बांधता येत नाही, माझी कमर सोड." आजी तिथेच घेरी येऊन पडली. केक आल्यावर उठली. दुसऱ्या एका घरी तुर्की मालिका बघून नवऱ्या मुलाला मीठ घातलेली कॉफी द्यायची ठरली, म्हणजे तो मुकाट प्यायला तर प्रेम खरं. चुकून कप मुलाच्या मामाकडे गेला. मामानं मुकाट संपवला. आता सगळे मामाकडे संशयानं बघतात.

सांगायचं एवढंच, की दर आठवड्याला कुठली ना कुठली रीत मरते आणि दुसऱ्या दिवशी लोक उठून कामाला जातात. तुझी माझी एक मेली तर सूर्य उगवायचा थांबणार नाही.

चार माणसांसमोर माफी मागायला मी येणार नाही. नारिननं शपथ घातलीय. तूच ये.

नुशाबा

(बरणीत या वेळी वेलची कमी आहे.)


शेकी, ४ जुलै

ताई,

एक तारखेपासून कायदा लागू झाला. चुलत, मावस, आते, मामे, सगळ्या भावंडांची आपसातली लग्नं बंद. म्हणजे तू उद्या सोन्याची ढेप घेऊन आलीस आणि मी चहात मध ओतला, तरी आपल्या मुलांचं लग्न कुठल्याही कचेरीत लागणार नाही. आपलं भांडण सरकारनं रद्द केलंय. एवढ्या मोठमोठ्या माणसांनी इतकी तसदी घेतली, आता थोडी तू घे.

मी ताबडतोब लेरिकला फोन लावला. मिर्झागा आजोबांना कमी ऐकू येतं, त्यामुळे आमच्या सगळ्या गल्लीला आता हा कायदा पाठ आहे.

"पोरी," आजोबा म्हणाले, "सरकारनं लग्न बंद केलं. शब्दही बंद केला का?"

"लग्नच नाही म्हटल्यावर शब्द आपोआप बंद होतो, आजोबा."

"आपोआप दार बंद होतं, वाऱ्यानं. शब्द ज्याचा त्यानं परत घ्यायचा. तुझी बहीण येईपर्यंत मी थांबतो. मला घाई नाही."

तेच तर. त्या गावात कुणालाच घाई नसते.

पण पुढे काय म्हणाले ते ऐक. मोहर्रम आणि सफर, शोकाचे दोन्ही महिने उलटले, की सप्टेंबरात ते एकदाच शेकीला येणार. तेव्हा तू बैठकीत नसलीस तर केनानला ते दुसरं घर बघायला सांगतील. "मुलगी चांगली असेल," म्हणाले, "पण अडकलेल्या दोरीनं विहिरीतलं पाणी निघत नाही." केनान ऐकेल की नाही मला ठाऊक नाही. नारिनला विचारलं नाही. तिनं उत्तर दिलं असतं, म्हणून विचारलं नाही.

त्याच संध्याकाळी टीव्हीवर एक डॉक्टरीणबाई हा कायदा का केला ते समजावत होत्या. रक्ताबद्दल बोलायला लागल्या, तेव्हा मी टीव्ही बंद केला. खिडकी उघडी होती आणि आपला फाझिलदादा अंगणात तुतीच्या झाडाखाली बसला होता. त्याची बायको आपल्या सख्ख्या काकाची मुलगी, हे तुला सांगायला नको. त्यांच्या रामिलचंही नको. दर महिन्याला रक्त चढवायला न्यायचे त्याला. येताना बापाच्या खांद्यावर बसून लांबूनच हात करायचा, गाल लाललाल, आणि दोनतीन आठवड्यांत पुन्हा मेणासारखा. तिसरीची पुस्तकं त्याला कव्हर घालून ठेवली होती. त्यांना कुणी हात लावला नाही.

हे मी का लिहितेय मला माहीत नाही. ती डॉक्टरीण पुढे काय म्हणाली ते तू ऐकलंस का? ऐकलं असशील तर कळवू नकोस.

नुशाबा


शेकी, २८ ऑगस्ट
एल्शादच्या हाती

ताई,

हे पाकीट तुझ्या मुलाकडे देताना मी त्याला अट घातलीय: आधी स्वतःच्या तोंडानं सांगायचं, मग पाकीट द्यायचं. तू हे वाचते आहेस त्याअर्थी त्यानं सांगितलंय. उभी असशील तर बस.

काल दुपारी मी हॉलवरून आले, तर हा आमच्या पायरीवर, कलिंगड बाळासारखं छातीशी धरून. किती दिवसांनी दिसला. मला वाटलं, तुला काहीतरी झालं. मी गल्लीतूनच ओरडले, "ताई बरी आहे ना?"

"आई बरी आहे," तो म्हणाला. "तुला शिव्या देण्याइतकी बरी आहे."

मग मीही बरी झाले.

मटण-हरभऱ्याची पिती वाढली. पहिलं मडकं त्यानं पुसून संपवलं. दुसरं मडकं पुढे ठेवलं तेव्हा म्हणाला, "मावशी, साखर."

"चहा अजून टाकलेला नाही."

"आजची नाही. त्या दिवशीची. घालू नकोस असं नारिनला मीच सांगितलं होतं."

मी पळी खाली ठेवली.

"आईला नाही म्हणायची मला छाती होत नव्हती. नारिनला होती. ती म्हणाली, शिव्या मी खाते, तू फक्त चेहरा पाडून बस."

"छान पाडला होतास."

"तो खरा होता, मावशी. भीतीनं पडला होता."

म्हणजे बघ ताई, तुझ्या मुलाचा माझ्या मुलीनं चारचौघांत अपमान केला, तो तुझ्या मुलाच्या विनंतीवरून. आणि माझ्या कार्टीनं आजवर मला याचा वास लागू दिला नाही. शेकीतल्या बायका तिला उद्धट म्हणाल्या, तू तिला काय काय म्हणालीस, सगळं ऐकून घेतलं आणि याचं नाव घेतलं नाही. मला वाटायचं हिच्या पोटात काही राहत नाही.

"मग आजच का तोंड उघडलंस?" मी विचारलं.

त्यावर सेविंजचं निघालं. ती तुमच्याकडच्या इस्पितळात नर्स आहे, तिचा घटस्फोट झालाय आणि तिला चार वर्षांची मुलगी आहे, आयान, एवढं तर त्यानं तुला आता सांगितलंच असेल. मला म्हणाला, "आई म्हणते, नुशाबा माफी मागत नाही तोवर या घरात दुसऱ्या मुलीचं नाव निघणार नाही."

"म्हणजे तुझ्या आईच्या रुसव्यात तू, सेविंज, नारिन आणि तो लिफ्टवाला, चौघं अडकलात."

"पाच जण. आयान विचारते, तुला घर नाहीये का? मग आम्हाला नेत का नाहीस?"

त्याच्या एक थोबाडीत ठेवून द्यावी असं फार मनात आलं. पण तोंडात घास होता, आणि तो त्याच्या आजीच्या पद्धतीनं डोळे मिटून चावतो. तुझ्या पोराला मारणं अवघड आहे.

आता तू काय म्हणशील ते मला पाठ आहे. घटस्फोटित, पदरात मूल, आपल्या घरात असं कधी झालं नाही, लोक काय म्हणतील. लोक म्हणतील, ताई. लोकांना दुसरं काम काय? पण मी त्याचा चेहरा बघत होते. त्या मुलीचं नाव घेताना तो पडत नाही.

बैठक २१ सप्टेंबरला, रविवारी, दुपारी आहे. साखरेचं खरं काय ते फक्त आपल्या घरातल्यांना माहीत राहील. बाहेरच्यांसाठी साखर संपली होती, ती संपलेलीच राहू दे. आणि माफी तुला हवीच असेल तर मागते: माफ कर. चार माणसांसमोर हवी असेल, तर मिर्झागा आजोबांसमोर मागेन. ते एकटेच चार माणसांच्या वयाचे आहेत.

तू नाही आलीस तर नारिन रडणार नाही. त्याचीच मला भीती वाटते.

नुशाबा


शेकी, २३ सप्टेंबर

ताई,

तू म्हणशील, आता फोन उघडलाय, दिवसातून तीनदा बोलतो, मग पत्र कशाला? फोनवर बोलताना मुबारिज शेजारी बसून अर्ध्यात उत्तरं देतो. आणि हे फाझिलदादाचं आहे, ते नीट सांगायला हवं.

तू गल्लीतून आलीस ती काळा पोशाख घालून, जणू मातमाला. मला वाटलं, भांडायलाच आलीस. दारात तू मला जवळ घेतलंस आणि कानात म्हणालीस, "दुसऱ्या बरणीत वेलची अगदीच कमी होती." तेव्हा मला कळलं, की तू बसायला आली आहेस.

पुढचं तुझंच आहे, पण मी दाराआडून ऐकलं ते मला एकदा लिहून काढू दे, बरं वाटतं. आजोबांनी काठी गुडघ्यांत धरली आणि विचारलं, "बाई, या मुलीवर तुमचा शब्द आहे असं ऐकतो."

तू म्हणालीस, "आमच्या आईचा होता. तिनं मायेनं दिला. पण मुलांना तो नकोय, माझ्या मुलालाही नको आणि हिच्या मुलीलाही नको. मग मी तो ठेवून काय करू आजोबा, लोणचं घालू?"

"म्हणजे मुलगी मोकळी?"

"ती बांधलेली कधी नव्हतीच. आम्हीच दोरीची दोन टोकं धरून बसलो होतो."

आजोबा हसले. दात एकही नाही, पण हसू काय मोठं. म्हणाले, "चला, चहा येऊ द्या."

आता तुला जे दिसलं नाही ते.

स्वयंपाकघरात नारिनच्या हातातलं तबक वाजत होतं. पेले एकमेकांवर आपटत होते. "आई, हात थांबत नाहीयेत," म्हणाली. अगोड चहा नेताना हिच्या हातून थेंब सांडला नव्हता, आणि आता गोड नेताना ही अशी. तेवढ्यात फाझिलदादा आत आला. तबक तिच्या हातून घेऊन त्यानं ओट्यावर ठेवलं.

"साखर घातलीस?"

"घातली, मामा."

त्यानं प्रत्येक पेल्यात आणखी एकेक चमचा घातला. मग चमचा हातात तसाच धरून मला म्हणाला, "नुशाबा, तुला ही पोर एल्शादला द्यायची नव्हती."

"मामा, ते मीच..."

"तू थांब. मी तुझ्या आईला विचारतोय."

खोटं बोलायला मला एरवी वेळ लागत नाही. पण मी म्हणाले, "नव्हती."

"खुरामानलाही नको होती."

"तुला कुणी सांगितलं?"

"कुणी कशाला सांगायला हवं? या दोघांच्या लग्नाचा विषय निघाला की तुम्ही दोघी माझ्याकडे बघायच्या आणि चहा ओतायला उठायच्या. इतकी वर्षं. मी म्हणायचो, आज बोलतील, उद्या बोलतील. मला लागेल म्हणून तुम्ही गप्प बसलात आणि पोरांना जुंपायला निघालात. मला विचारायचं होतं. मीच म्हणालो असतो, नको. मी सगळ्यांत आधी म्हणालो असतो."

आणि तबक उचलून तो बाहेर गेला. मामानं मागणीचा चहा न्यायचा, असं आपल्याकडे कधी कुणी ऐकलंय? लेरिकच्या लोकांना वाटलं, शेकीची रीत असेल. आत्याबाईंनी तर मला नंतर विचारलं, मामा नसला तर कोण नेतं? मी म्हटलं, मोठा चुलता. आता ती लेरिकला सुरू होईल.

मग तुम्ही सगळे प्यायलात. आजोबांना एवढं गोड चालत नाही, पण तळ दिसेपर्यंत प्यायले. दाराच्या फटीतून नारिन बघत होती. पेला खाली ठेवल्याचा आवाज आला तशी ती तिथेच जमिनीवर बसली, चांगल्या कपड्यांनिशी, भिंतीला पाठ लावून, आणि हसायला लागली. मी तिला ऊठ म्हटलं नाही. मीही बसले.

निघताना अंगणात तू मला जे म्हणालीस, त्याचं उत्तर मी दिलं नाही. तू म्हणालीस, "ती माझ्या घरी आली असती आणि तिला दिवस गेले असते, तर त्या दिवसापासून माझी झोप उडाली असती." मी नुसतीच तुझी पिशवी भरत राहिले. तोंड उघडलं असतं तर रडले असते आणि व्याही बघत होते. आता लिहिते: माझीही. नारिनची नाळ कापली तेव्हा रामिल नव्हता. तो झाल्यावर, त्याचं कळल्यावर, मी रोज मनात म्हणायचे, ताई शब्द मोडेल, ताई मोठी आहे. तू म्हणत असशील, नुशाबा मोडेल, ती मुलीची आई आहे.

लग्नाआधीची रक्ततपासणी झालीय. नारिनच्या रक्तात रामिलच्या आजाराचा तो दोष अर्धा आहे. केनानच्या रक्तात अजिबात नाही, म्हणून डॉक्टर म्हणाले, खुशाल करा. आणि काल तू फोनवर सहज सांगितलंस, की सेविंजनं मागे लागून एल्शादलाही तपासणी करायला लावली, त्याच्यातही अर्धा निघाला आणि तिच्यात नाही. तू पुढे काहीतरी पडद्यांच्या कापडाबद्दल बोलत होतीस. मी ऐकलं नाही. माझ्या मुलीत अर्धा आणि तुझ्या मुलात अर्धा. फोन ठेवल्यावर मी पाणी प्यायले, परत प्यायले, आणि मग हॉलवर जाऊन पन्नास माणसांची टेबलं एवढी सुरेख लावली, की मालकानं विचारलं, आज कोण मोठं येणार आहे?

आता सेविंजचं. तू विचारतेस, घटस्फोट झालेल्या मुलीच्या घरी मागणी घेऊन जायची रीत काय. कुणालाच माहीत नाही, त्यामुळे आपण काहीही केलं तरी बरोबरच ठरेल. तू, मी आणि वागिफभावजी येत्या रविवारी जाऊ असं मी फाझिलदादाला सांगत होते. बरोबर कुणी वडीलधारा हवा म्हणून कुणाला घ्यावं, असं विचारत होते. त्याला चल म्हणायचं माझ्या मनातही नव्हतं. रामिल गेल्यापासून लहान मूल असलेल्या घरी तो जात नाही, बारशाला नाही की वाढदिवसाला नाही, हे आपण धरूनच चालतो.

तो म्हणाला, "त्या घरात लहान मुलगी आहे ना?"

मी म्हटलं, "हो, चार वर्षांची."

"मग मी येतो."

आज सकाळी न्हाव्याकडे जाऊन दाढी करून आला. नंतर बाजारात माझ्या मागे मागे फिरत विचारत होता, चार वर्षांच्या मुलीला काय आवडतं. नारिन तेवढी असताना तिला काय आवडायचं ते मला काही केल्या आठवेना. तुला आठवत असेल तर कळव. तीन दुकानं झाली, त्यानं अजून काही घेतलेलं नाही.

नुशाबा